ओंब्यांच्या गावातला दगड

"काळच तसा होता," हे वाक्य माझ्यासमोर कुणी म्हणू नये. आमच्या घरात सगळ्यांना हे ठाऊक आहे. परवा एका लग्नाच्या पंगतीत कुणा पाव्हण्यानं ते म्हटलं, तर मी भरल्या ताटावरून उठले. म्हातारीचं डोकं तापट आहे, असं लोक म्हणाले. आहेच. ज्यांना ते सोसत नसेल त्यांनी मला पंगतीला बोलावू नये. काळाला हातपाय नसतात. माझ्या बहिणीचं स्थळ काळानं आणलं नाही, माझ्या चुलत्यानं आणलं. सुपारी काळानं फोडली नाही, दादांनी, म्हणजे आमच्या वडिलांनी फोडली. पण ते सांगण्याआधी ओंब्यांबद्दल सांगायला हवं, नाहीतर माझी बहीण त्या दिवशी दगडावर का जाऊन बसली हे कुणालाच कळायचं नाही. तेव्हाही कळलं नव्हतं.

ओंबे शुक्रावर राहत. ते आम्ही दोघींनी शोधले, म्हणजे मी आणि अक्कानं. अक्का माझ्याहून तीन वर्षांनी मोठी. आमचं गाव राजूरपासून दोन कोसांवर, काळ्या रानाचं, निजामाच्या राज्यातलं. हिवाळ्यात शाळूची कणसं दुधात आली की पाखरं राखायला आम्हा दोघींना शेतात धाडत. चार मेढींवर बांधलेला उंच माळा, त्यावर आम्ही, हातात गोफण. सकाळपासून दिवस मावळेपर्यंत हाऽ हाऽ करत ओरडायचं. ओरडून ओरडून घसा बसला की मग गोष्टी.

देवळाच्या मंडपात एक गुरुजी आम्हाला अक्षरं शिकवत. पोरींना शिकवायची गरज काय, म्हणून गाव त्यांना हसे, पण दादांनी आम्हाला जाऊ दिलं होतं, हे त्यांचं ऋण मी नाकारत नाही. गुरुजींनी एकदा सांगितलं की शुक्राची चांदणी म्हणजे दिवा नव्हे, ती आपल्यासारखीच एक भुई आहे, आणि तिथं कुणी राहत नसेलच असं कुणी सांगावं? मी ते ऐकून विसरले. अक्का विसरली नाही. दुसऱ्या दिवशी माळ्यावर तिनं शेजारच्या पट्ट्यातली गव्हाची ओंबी तोडून आणली, ओल्या मातीच्या बोटभर गोळ्यात खोचली आणि माझ्यासमोर ठेवली. म्हणाली, "हे असे हाईत ते."

म्हणून ते ओंबे. ताडमाड उंच, बारीक, आणि डोक्यावर कान नाहीत की केस नाहीत, नुसती ओंबीसारखी टोकदार कुसं. त्या कुसांनीच ते ऐकत आणि त्या कुसांनीच बोलत. तोंड त्यांना नव्हतंच. ओल्या भुईत पाय रोवून उभं राहिलं की पोट भरे, त्यामुळे दळण नाही, कांडण नाही, चूल फुंकणं नाही. हे अक्कानं पहिल्याच दिवशी ठरवून टाकलं, कारण तिच्या तळहाताला जात्याच्या खुंट्यानं घट्टे पडले होते. मला मात्र भाकरीशिवाय गाव ही कल्पनाच सोसेना. मी रुसून बसले. शेवटी अक्कानं वर्षातून एक सण भाकरीचा दिला. तोंड नसताना भाकरी कशी खात, हे मी विचारलं तेव्हा म्हणाली, "त्या दिवशी फुटतंय त्यांना तोंड. तू खायची काळजी करून नको राहू." पण एक अट तिनं घातली. जी रांधेल ती पहिली जेवेल. बाकीच्यांनी तिचं जेवण होईपर्यंत उभं राहायचं.

त्यांच्या विहिरी संध्याकाळी आपोआप उंबरठ्यापर्यंत चढत. ही कल्पना माझी, आणि तिचा मला अजून अभिमान आहे. पोरं कुणा एकाची नसत, सात वर्षांचं झालं की पोर गावात हिंडून आपलं घर आपण निवडे आणि निवडलेल्या दारात आपलं एक कूस खोवून ठेवी. पहिल्या हिवाळ्यात आम्ही त्यांच्यात बाया आणि गडी असे दोन भाग ठेवले होते. दुसऱ्या हिवाळ्यात अक्कानं ते काढून टाकले. मी म्हटलं, मग लग्नं कशी लागायची? ती म्हणाली, न लागली तर काय वाईट होईल, सांग.

बोलणं त्यांचं सळसळीचं. आम्ही दोन्ही हातांची बोटं वर करून हलवायचो. किती तरी खुणा होत्या. बोटं भराभर हलवली की राग. आणि समोरच्यानं बोटं हळूहळू आत घेऊन मूठ मिटली की, ऐकलं. ओंब्यांना खोटं बोलता येत नसे. कुसं सगळ्यांना दिसतात, खोटी सळसळ करणार कशी?

आणि त्यांच्या प्रत्येक गावात एक दगड असे. रागाचा दगड. ज्याला राग आला त्यानं त्यावर जाऊन बसायचं. तो बसला की सगळ्या गावानं हातातलं काम जिथल्या तिथं टाकायचं आणि त्याच्याभोवती येऊन उभं राहायचं. का बसलास, उठ, लोक काय म्हणतील, असं काहीएक बोलायचं नाही. त्यानं राग सांगायचा. सांगून झाला की सगळ्यांनी मिळून मूठ मिटायची. ऐकलं. त्याआधी गावात कुणी पाण्याचा घोटसुद्धा घ्यायचा नाही. राग खरा की खोटा, त्याचं पुढं काय करायचं, ते नंतर बसून ठरे. पण आधी ऐकलं म्हणायचं. हा रिवाज अक्काचा. त्यात तिनं मला एक बोटही घालू दिलं नाही.

तिसऱ्या हिवाळ्यात आम्हाला माळ्यावर धाडलं नाही. रझाकारांच्या धास्तीचे दिवस होते. आज या गावात आले, उद्या त्या गावाला आग लावली, अशा बातम्या रोज येत. काही खऱ्या, काही चावडीवर पिकलेल्या. भीती खरी होती, ती मी खोटी म्हणत नाही. लोकांनी धान्य पुरलं, काहींनी बायकापोरं हद्दीपलीकडे, इंग्रजांनी सोडलेल्या मुलखात नेऊन ठेवली. आणि ज्यांच्या घरी तेरा-चौदाच्या लेकी होत्या त्यांनी त्या उजवून सासरी धाडायचा सपाटा लावला. आमच्या गावात रझाकारांचं पाऊल पडलं नाही. चुलत्याचं पडलं.

चुलता वडीगोद्रीकडचं स्थळ घेऊन आला. घर मोठं, रान मोठं, माणूस पस्तिशीचा, पहिली बायको गेलेली, मागं दोन लेकरं. अक्काला चौदावं सरत आलं होतं. ती तेव्हा गुरुजींकडची शेवटची पुस्तकं वाचत होती आणि उर्दूची अक्षरंही लावू लागली होती. गुरुजी म्हणाले होते, दिवस निवळले की हिला जालन्याला शाळेत घाला, मी ओळखीच्या घरी सोय करतो. दादा हो म्हणाले होते. माझ्या कानांनी मी ऐकलं होतं.

चुलता ओसरीवर बसून म्हणाला, "जल्दी करा. उद्या काही झालं तर तोंड कुठं दाखवताल?"

दादा म्हणाले, "बराबर हाय तुझं."

माय आत परातीत पीठ मळत होती. तिचे हात थांबले नाहीत. अक्का जात्याशी होती, तिथून सगळं ऐकू येत होतं. तिनं दळण पुरं केलं, पीठ भरलं, आणि उठून ओसरीवर जाऊन सरळ दादांसमोर उभी राहिली. "मला न्हाई करायचं," म्हणाली. चुलता हसला. दादा म्हणाले, "आत जा." मायनं तिला दंडाला धरून आत ओढलं आणि पाठीत एक रपाटा घातला. रडत मात्र माय होती, अक्का नाही.

वैशाखात पाव्हणे कुंकू लावायला यायचे ठरले. त्या दिवशी सकाळी अक्का घागर घेऊन पाण्याला गेली ती परतलीच नाही. मायनं मला दुसरी घागर देऊन धाडलं. "बघ कुठं खपली ती, आन् पाणी आन. पाव्हणे येतील आत्ता."

आमच्या आडाच्या वाटेवर एक काळा सपाट दगड होता. बाया भरल्या घागरी त्यावर टेकवून दम खात. अक्का त्या दगडावर बसली होती. पाठ ताठ, हात गुडघ्यांवर, घागर पायाशी उपडी. मला पाहिल्या पाहिल्या कळलं. ती काही खेळत नव्हती.

बाया येत होत्या, जात होत्या. पहिलीनं तिला उठ म्हटलं, दुसरीनं शिवी दिली, कारण घागर टेकवायला जागा नव्हती. अक्का हलली नाही. मग तिनं दोन्ही हात वर केले आणि बोटं हलवायला सुरुवात केली. भराभर. डोळे समोर, ओठ मिटलेले, नुसती बोटं.

आणि मग जे झालं ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. एक म्हातारी ओरडली, "अगं बया! वारं आलं हिच्या अंगात!"

झालं. सगळ्या बायांनी घागरी खाली ठेवल्या. रहाट थांबला. धुणं धुणाऱ्या उठून आल्या, वाटेवरचे दोन गडी पागोटी सावरत लांब उभे राहिले. कुणी धावत जाऊन हळदकुंकवाचा करंडा आणला. लिंबू आणलं. सगळे तिच्याभोवती गोल करून उभे राहिले, गप्प, हात जोडून. अगदी ओंब्यांसारखे. तसूभरही फरक नव्हता. मला वाटलं, झालं, आता अक्का वाचली.

म्हातारीनं तिच्या कपाळाला हळद लावली आणि वाकून विचारलं, "कोन हाईस माय तू? कुटली? काय पायजे तुला, बोल. तू म्हनशील ते करू आमी."

एक शब्द पुरे होता. देवी, एवढं म्हटलं असतं तरी पाव्हणे वेशीवरून परत गेले असते. दादांनी नारळ फोडून शाळेत नेऊन घातलं असतं तिला. चौदा वर्षांच्या कुठल्याही पोरीला हे सुचलं असतं. पण अक्का दोन हिवाळे ओंब्यांच्या गावात राहिली होती, आणि ओंबे खोटं बोलत नाहीत.

ती म्हणाली, "मी कुनी न्हाई. मी मीच हाय. मला राग आलाय."

क्षणभर कुणालाच काही कळेना. मग एक बाई फिसकन हसली. म्हातारीनं हळद पदराला पुसली. "राग आलाय म्हनं," ती म्हणाली, "सगळ्यांचा खोळंबा केला कार्टीनं. ऊठ!" रहाट पुन्हा कुरकुरायला लागला. गडी निघून गेले. ज्या घागरी देवीसाठी खाली उतरल्या होत्या त्या अक्काच्या डोळ्यांदेखत एकेक करून डोक्यावर चढल्या. देवीचा राग असता तर साऱ्या गावानं तो झेलला असता. पोरीच्या रागाला टेकायला जागा नव्हती. त्या बायांपैकी प्रत्येकीच्या पोटात असाच एकेक राग कुजत पडला होता, आणि त्याच हसल्या, याची चीड मला आजही येते. बाप्यांपेक्षा या बायांची जास्त येते.

मग अक्कानं माझ्याकडे पाहिलं. तोवर मीही आडावर जाऊन घागर भरून आले होते, दगडाच्या अगदी समोर. तिची बोटं अजून हलत होती, आता सावकाश, फक्त माझ्यासाठी. म्हातारी मला म्हणाली, "तू तर दिसरात हिच्याच शेपटाला असतीस. काय हे? काय करून राह्यली ही?"

डोक्यावर भरली घागर. डावा हात घागरीला. उजवा हात मोकळा होता. मला काहीसुद्धा बोलायचं नव्हतं. बोटं आत घेऊन मूठ मिटायची, एवढंच. सगळ्या बाया माझ्याकडे बघत होत्या. आमचा माळ्यावरचा खेळ चारचौघींत उघडा पडणार, म्हणून माझे कान लाजेनं तापले होते.

"मला न्हाई माहीत," मी म्हणाले, आणि पाणी हिंदकळू नये म्हणून खाली बघत घरी गेले.

थोड्या वेळानं अक्का आपणहून आली. घागर भरून आणली होती. मायनं तिच्या कपाळावरची हळद पुसली, वेणी घातली, आणि दुपारी पाव्हण्यांनी त्याच कपाळाला कुंकू लावलं. आठवड्यात लग्न लागलं. गाडीत बसताना ती सगळ्यांच्या पाया पडली, माझी पाळी आली तेव्हा नुसती डोक्यावरून हात फिरवून पुढं गेली.

भादव्यात हिंदुस्थानचं लष्कर आलं. चार-पाच दिवसांत निजामाचं राज्य बुडालं, रझाकार पांगले, आणि लोक चावडीवर पेढे वाटू लागले. लग्नाला पुरते चार महिने झाले नव्हते. चार महिने थांबता आलं नाही माझ्या बापाला! मी हे त्यांना पुढं मोठी झाल्यावर तोंडावर विचारलं, तेव्हा ते तेच म्हणाले, काळच तसा होता. मी म्हटलं, काळ गेला की दादा चार महिन्यांत, तो नवरा गेला का? ते उठून बाहेर गेले.

नवरात्रात दादा अक्काला दसऱ्यासाठी आणायला निघाले. वाटा आता मोकळ्या झाल्या होत्या. मी हट्ट करून गाडीत बसले. जालन्यात मुक्काम केला आणि अष्टमीच्या दुपारी तिच्या सासरी पोचलो. दारात ही गर्दी. संबळ वाजत होता. गर्दीतली एक बाई दादांना म्हणाली, "नशिबाचे हाव तुमी पाव्हणे. तुमच्या लेकीच्या अंगात आई येती."

ओसरीवर घटासमोर अक्का बसली होती. केस मोकळे, कपाळभर मळवट, अंग घुमत होतं. समोर तिची सासू हात जोडून, नवरा मागं भिंतीशी, आणि अंगणात सगळं गाव. जातं थांबलं होतं, चुली थांबल्या होत्या. दादा पागोटं काढून पुढं झाले आणि आपल्या चौदा वर्षांच्या लेकीच्या पायांवर त्यांनी डोकं ठेवलं.

तिनं घोगऱ्या आवाजात विचारलं, "माझ्या लेकराला इचारलं व्हतं का रं तू? दगडावर बसलं व्हतं माझं लेकरू. ऐकलंस का?"

"चुकलं, आई," दादा म्हणाले. त्यांनी दोन्ही गालांत मारून घेतलं. "चुकलं. पदरात घे."

लेकीची त्यांनी आयुष्यात कधी माफी मागितली नाही. देवीची मागायला त्यांना पळभरही लागलं नाही. मला त्यांच्या त्या वाकलेल्या पाठीत लाथ घालावीशी वाटली. अकरा वर्षांची होते, तरी वाटली.

मग अक्का सासूकडे वळली. "आजपून या घरात," ती म्हणाली, "जी रांधल ती पहिली जेवल. बाकीचे उभे ऱ्हातील."

"जशी आज्ञा, आई," सासू म्हणाली, आणि अंगणातल्या सगळ्यांनी हात जोडले. हा कायदा कुठल्या देवीचा नव्हता. तो आमचा होता, माळ्यावरचा. आणि एवढं सगळं गाव पायाशी असताना तिनं मागून मागून मागितलं काय, तर पहिलं ताट. मला परत पाठवा, असं म्हणायचं धाडस देवीलाही झालं नव्हतं. त्या घरानं देवीला पहिलं ताट दिलं असतं, जालन्याची शाळा दिली नसती, हे ती चार-पाच महिन्यांत शिकली होती.

संध्याकाळी तिनंच रांधलं आणि ती स्वयंपाकघरात जेवायला बसली. एकटी. सासू आणि जावा दाराशी उभ्या होत्या. मग त्या पाव्हण्यांचं बघायला बाहेर गेल्या आणि मी तिच्याजवळ जाऊन बसले. मळवट अजून कपाळावर होता, पोट किंचित वर आलं होतं. मी हळूच विचारलं, "अक्का, खरंच देवी आल्ती का गं?"

ती भाकरी कुस्करत राहिली. "ओंबे खोटं बोलत न्हाईत," म्हणाली. "आपुनच ठरवलं व्हतं ना?"

"मंग?"

"मंग मी ओंब्यांत ऱ्हायले न्हाई."

मला रडू फुटलं. मी माझा उजवा हात तिच्या ताटासमोर धरला आणि बोटं हळूहळू आत घेऊन मूठ मिटली. तिनं त्या मुठीकडे पाहिलं. मग उष्ट्या हातानंच माझा हात ताटावरून बाजूला सारला.

"आता कुनासाठी मिटतीस?" ती म्हणाली. "मी उठले त्या दगडावरनं कवाच. सरक, जेवू दे मला, मागं सगळ्या उपाशी हाईत."